भेगेवरची काच

आमच्या भाऊजींना कुणाच्या घरी घेऊन जायचं म्हणजे डोक्याला ताप असतो. पाण्याचा पेला हातात येण्याआधी ते उठतात, भिंतीपाशी जातात आणि यजमानांच्या आजोबांचा फोटो बोटाच्या टोकाने किंचित ढकलतात. दोन पावलं मागे येतात, मान तिरकी करून बघतात, पुन्हा पुढे जातात. यजमान बिचारे ट्रे घेऊन तसेच उभे. "काही नाही हो, जरा डावीकडे झुकले होते," असं सांगून भाऊजी जागेवर येऊन बसतात आणि मग चहा अगदी चवीने पितात.

भाऊजी म्हणजे माझ्या ताईचे यजमान. धंदा तसबिरींना फ्रेम करण्याचा. बाजाराच्या मागच्या गल्लीत त्यांचं चिंचोळं दुकान आहे. एका भिंतीला लाकडी पट्ट्या उभ्या करून ठेवलेल्या, दुसरीकडे काचा, मधे लांबलचक टेबल आणि टेबलाखाली कायम भुशाचा ढीग. पट्ट्यांचे कोपरे ते असे जुळवतात की सांध्यावरून नख फिरवलं तर अडकत नाही. गल्लीतले लोक त्यांना 'काटकोन' म्हणतात. तोंडावर म्हणतात, आणि भाऊजींना त्याचा राग तर येत नाहीच, उलट कॉलर ताठ होते. एकदा मी मुद्दाम त्यांच्या घरातलं कॅलेंडर वाकडं करून ठेवलं. जेवताना दोन घास गेले असतील नसतील, उठले. "मेव्हणीबाई, हे तुमचं काम," म्हणाले. कसं ओळखलं, तर म्हणे तुमच्या ताईकडे असल्या उद्योगांना वेळ नसतो.

वेळ नसतो हे खरंच होतं. ताई मोठ्या रुग्णालयात टेलिफोनवर बसते. तिची खोली तळघरात आहे. सकाळी आत गेली की बाहेर ऊन आहे का आभाळ भरून आलंय, हे तिला फोन करणाऱ्या लोकांकडूनच कळतं. घरी यावं तर घर म्हणजे दुकानाच्या वरच्या दोन खोल्या. त्यांत खिडकी एकच, आणि ती उघडून हात लांब केला की शेजारच्या इमारतीच्या भिंतीला लागतो. लग्न झाल्यापासून ती तिथेच राहते आहे. तिने कधी कसला हट्ट धरला नाही. मी तिच्या जागी असते तर रोज भांडले असते. नवं घर घ्यायचं ठरलं तेव्हा भाऊजींनी तिला विचारलं, "तुला कसं हवं?" ताईने थोडा विचार केला आणि म्हणाली, "खिडकी हवी. जिच्यातून लांबचं दिसेल अशी."

तसं घर तिला रुग्णालयातच कळलं. तिथून निवृत्त झालेल्या एक नर्सबाई होत्या. यजमान गेल्यापासून त्या एकट्याच राहत होत्या आणि आता घर विकून मुलीकडे जायचं म्हणत होत्या. गावाच्या टोकाला टेकडीच्या उतारावर बैठ्या घरांची एक ओळ आहे, तिच्यातलं ते शेवटचं घर. आम्ही तिघंही बघायला गेलो. घर कुणालाही घ्यायचं असो, बघायला मी जाते. लोकांची स्वयंपाकघरं कशी आहेत, कपाटामागे काय आहे, हे बघायला मला मनापासून आवडतं, आणि ज्यांना आवडत नाही असे लोक खोटं बोलतात असं माझं मत आहे.

पुढची खोली चारचौघांसारखी होती. मागच्या खोलीत पाऊल टाकलं आणि ताई जागीच थबकली. समोर जवळजवळ भिंतभर खिडकी. खाली उतार, उतारावर झाडं, त्यापुढे सगळं शहर, नदी, पूल, आणि पार मागे डोंगर. ताई खिडकीशी जाऊन उभी राहिली आणि तिचे खांदे हळूहळू खाली आले. इतकी वर्षं ते वर चढलेले होते, हे मला तोवर कळलंच नव्हतं.

भाऊजी अर्थातच बाजूच्या भिंतीपाशी. तिथे नर्सबाईंच्या घरच्या चार तसबिरी ओळीने लावलेल्या होत्या आणि चारही वाकड्या. भाऊजींनी एकेक करून सरळ केल्या.

"राहू द्या हो," नर्सबाई हसून म्हणाल्या. "त्या कुणाचं ऐकत नाहीत. आमचे हे होते तेव्हा सुट्टीच्या दिवशी सगळ्या सरळ करायचे. पुढच्या सुट्टीपर्यंत पुन्हा तशाच."

"दोरी चुकीची बांधली आहे," भाऊजी म्हणाले. "मी करून देतो."

परत येताना बसमध्ये ताई म्हणाली, "मला हेच हवं." भाऊजींनी वळून तिच्याकडे असं पाहिलं, की मी तोंड फिरवून बाहेरची दुकानं बघत बसले.

पुढच्या खेपेला बोलणी करायला गेलो तर चारही तसबिरी पुन्हा वाकड्या, आणि चारही एकाच बाजूला. भाऊजींनी त्या काढून दुकानात आणल्या. जुन्या दोऱ्या कापल्या, नव्या कड्या मारल्या, तार ओवली आणि स्वतः नेऊन लावल्या. मी सोबत होतेच. नर्सबाई चहा ठेवायला आत गेल्या, आणि आमच्या डोळ्यांदेखत पहिली तसबीर सावकाश, न विचारता, आपली आपण तिरकी झाली. मग दुसरी. मला हसू आवरेना. भाऊजींचा चेहरा मात्र उतरला. त्यांनी खिशातून दोऱ्याचं रीळ काढलं, दोऱ्याला एक नट बांधला आणि तो तसबिरीशेजारी लोंबता धरला. दोरा डुलायचा थांबला तशी मी जवळ जाऊन पाहिलं. दोरा आणि तसबिरीची कड अगदी बरोबरीने खाली जात होती.

"तसबीर सरळ आहे," भाऊजी हळूच म्हणाले.

"मग वाकडं काय आहे?"

"बाकी सगळं."

मग आम्ही दोघं चोरांसारखे त्या खोलीत शोध घेऊ लागलो. खिडकीच्या समोरच्या भिंतीवर नर्सबाईंच्या यजमानांचा मोठा फोटो होता. त्याची खालची कड भिंतीला टेकतच नव्हती, मधे बोट जाईल एवढी फट. म्हणजे ती भिंत वरच्या अंगाला खोलीत झुकली होती. भाऊजींनी पेन्सिल जमिनीवर ठेवली, ती निमूटपणे खिडकीकडे घरंगळत गेली. आणि कपाटामागे डोकवायची माझी खोड त्या दिवशी कामाला आली. पुढची आणि मागची खोली जिथे जुळते, त्या कोपऱ्यात कपाटाच्या आड छतापासून जमिनीपर्यंत भेग होती. ती कुणीतरी पुन्हा पुन्हा भरून रंगवली होती. रंगाचे जुने थर एकाखाली एक दिसत होते, आणि सगळ्यांत वरचा थरही फाटला होता.

"तुमच्या ताईला लगेच काही बोलू नका," भाऊजी म्हणाले. "जुनं घर आहे. घरं थोडीफार बसतातच. एकदा बसली की बसली. मी आधी विचारतो कुणाला तरी."

विचारायला माणूस घरबसल्या होतं. भूगर्भ खात्यातल्या एक बाई भाऊजींकडे खात्याचे नकाशे फ्रेम करायला आणायच्या. आम्ही त्यांना नकाशाबाई म्हणतो. भाऊजींनी त्यांचे कितीतरी नकाशे फ्रेम केले असतील, पण नकाशात काय असतं ते कधी पाहिलं नव्हतं. त्यांना कडा ठाऊक, मधलं नाही. त्या दिवशी मात्र नकाशाबाई तयार फ्रेम न्यायला आल्या, तेव्हा भाऊजी नकाशात नाक खुपसून बसले होते.

"आमच्या ओळखीत एकांना घर घ्यायचं आहे," त्यांनी सुरुवात केली.

"ओळखीत म्हणजे तुम्हालाच ना?" नकाशाबाई म्हणाल्या. "कुठे आहे घर?"

भाऊजींनी टेकडीवर बोट ठेवलं. नकाशावर नदीच्या पलीकडून एक जाड लाल रेघ गेली होती. आमच्या भागात वर्षातून एखाददुसऱ्या वेळी भूकंपाचा हलका धक्का बसून भांडी वाजतात, लोक रस्त्यावर येतात, एकमेकांची विचारपूस करतात आणि पुन्हा आत जातात. त्याचं मूळ ही रेघ, एवढं मलाही माहीत होतं.

"रेघ तर पार पलीकडे आहे," भाऊजी म्हणाले. त्यांच्या जिवात जीव आल्याचं दिसतच होतं.

नकाशाबाईंनी कपाळाला हात लावला. "सगळे असंच करतात हो! येतात, लाल रेघ बघतात, आपलं घर तिच्यावर नाही म्हटलं की खूश होऊन घरी जातात. अहो, ती रेघ आम्ही काढली आहे. जमिनीखाली ती इतकी नीटनेटकी नसते, कुठे रुंद असते, कुठे तिला फाटे फुटलेले असतात. आणि धक्का तिथून निघाला तरी तुम्हाला किती हलवायचं, ते तुमच्या पायाखाली काय आहे त्यावर ठरतं. थांबा, दाखवते."

त्यांनी टेबलावर पडलेले फ्रेमच्या नमुन्याचे दोन सुटे कोपरे उचलले. एक टेबलाच्या लाकडावर उभा केला. टेबलाखालचा ओंजळभर भुसा घेऊन त्याचा टेबलावर ढीग केला, वरून हाताने सपाट केला आणि दुसरा कोपरा त्यात उभा केला. मग टेबलाच्या दुसऱ्या टोकावर मूठ आपटली. लाकडावरचा कोपरा थरथरला आणि उभा राहिला. भुशातला आधी कलला, मग आडवा झाला. मला राहवेना, मीही मूठ आपटून बघितली. मग भाऊजींनी. भुसा कडेला लोटून, अगदी उताराच्या तोंडाशी कोपरा उभा केला तर भुशाची कड कोपऱ्यासकट खाली सांडली. आम्ही तिघंही मोठी माणसं, पण बराच वेळ टेबलावर मुठी आपटत होतो. समोरचा घड्याळवाला बघून गेला.

"आता तुमची टेकडी बघा," नकाशाबाई हात झटकत म्हणाल्या. "हा गुलाबी रंग म्हणजे खडक. आणि हा पिवळा म्हणजे भराव. वर पूर्वी दगडाची खाण होती. खाणीतला राडारोडा या उतारावर लोटून दिला, त्यावर माती पसरली आणि मग घरं उभी राहिली. तुमच्या घराचा पुढचा भाग खडकावर असणार."

"आणि मागची खोली भुशात," मी म्हणाले.

"जवळपास तसंच. आता प्रश्न एवढाच आहे, की भराव बसून थांबलेला आहे का अजून सरकतो आहे. थांबला असेल तर मी आमच्या इंजिनिअरना घेऊन येते, पाया बघू, काही उपाय निघतो का बघू. पण सरकत असेल, तर त्या घराला हात लावू नका. मोठा धक्का आला तर सगळ्यांत आधी तोच उतार सुटेल."

"थांबला आहे का सरकतो आहे, हे कळणार कसं?" भाऊजींनी विचारलं.

"तुमच्याकडे काच आहे की. अगदी पातळ काचेची अरुंद पट्टी कापा. भेगेवर आडवी ठेवून दोन्ही टोकं भिंतीला पक्की चिकटवा. भिंत केसभर जरी हलली तरी काच तुटते. थंडी सरेपर्यंत राहू द्या. शाबूत राहिली तर मला बोलवा. तुटली तर घर विसरा."

हे सगळं भाऊजींनी त्याच संध्याकाळी ताईला जसंच्या तसं सांगितलं. काही लपवलं नाही. तसबिरी, पेन्सिल, भेग, भुसा, सगळं. मी साक्षीला होते. ताई ऐकत राहिली आणि शेवटी म्हणाली, "म्हणजे सगळं त्या काचेवर?"

"हो."

"मग लावा," ती म्हणाली. तिचा आवाज साधाच होता, पण तिने माझ्या ताटात भाजी दोनदा वाढली.

नर्सबाईंनीही आढेवेढे घेतले नाहीत. "लावा बापडे. इतकी वर्षं उभं आहे घर, एका काचेला काय घाबरायचं?" भाऊजींनी काच कापायच्या हिऱ्याने एकच रेघ मारली, पट्टी अलगद मोडून घेतली, टोकं पुसली आणि भेगेवर चिकटवली. मग कपाट पुन्हा जागच्या जागी.

त्यानंतर ताईच्या घरात एक नवाच प्रघात पडला. भाऊजी अधूनमधून टेकडीवर चक्कर मारून यायचे आणि ताई दारातच विचारायची, "काच?" भाऊजी चपला काढता काढता म्हणायचे, "आहे जागेवर." ताई पुढे काही विचारत नसे, पण त्या दिवशी ती कामं करताना गुणगुणायची. तळघरातून मला फोन करून म्हणायची, "खिडकीशी दोन खुर्च्या बसतील ना गं? का एक लांब बाक करून घेऊ?" मी म्हणायचे, बाक कर, म्हणजे मलाही बसता येईल. "तुला जमिनीवर," ती म्हणायची. तिची थट्टा करायची हिंमत मला नव्हती असं नाही, पण तिला इतकं बोलताना मी पहिल्यांदा ऐकत होते, आणि ते थांबू नये असं वाटत होतं.

मधे एका दुपारी छोटासा धक्का बसला. मी चष्म्याच्या दुकानात काम करते, तिथे काउंटरवर होते, काचेच्या कपाटातले चष्मे एकदम टकटकले. रस्त्यावर थोडी पळापळ झाली आणि पाच-दहा मिनिटांत सगळं निवळलं. ताईच्या बोर्डावर फोनचा नुसता पाऊस पडला होता. भाऊजींनी मात्र दुकानाचं शटर ओढलं आणि तडक टेकडी गाठली. संध्याकाळी ते आले तेव्हा मी ताईकडेच होते.

"काच?" ताई उठून उभीच राहिली होती.

"आहे जागेवर," भाऊजी म्हणाले आणि हात धुवायला गेले. ताईने डोळे मिटून मोठा श्वास सोडला.

त्याच सुमारास मला भाऊजींमध्ये एक फरक दिसला. आमच्या एका काकूंकडे गेलो होतो. भाऊजींच्या अगदी समोर एक निसर्गचित्र होतं, चांगलं बोटभर वाकडं. मी वाट बघत होते. भाऊजी उठले नाहीत. त्यांनी चित्राकडे पाहिलं, मग कपाकडे पाहिलं आणि मुकाट्याने चहा संपवला. मला वाटलं, चला, इतक्या वर्षांनी माणूस सुधारला. मी तसं बोलूनही दाखवलं, "काय भाऊजी, काटकोनाला सुट्टी का आज?" ते हसले, पण नीट हसले नाहीत. मी एरवी लोकांच्या कपाटामागे बघते, आणि ते समोर बसलेले असताना मला काही दिसलं नाही.

थंडी ओसरली. ताई म्हणाली, आता टेप घेऊन जाऊ, खिडकीचं माप घेऊ आणि येताना नकाशाबाईंना निरोप देऊ. भाऊजी म्हणाले, "अजून थोडं थांबू या का?" ताईने त्यांचं ऐकलं नाही. इतके दिवस थांबले ते पुरे झालं, म्हणाली. आम्ही तिघं निघालो. वाटेत भाऊजी सारखे मागे राहत होते. मला वाटलं चढाने दम लागला असेल.

नर्सबाई आम्हाला बघून खूश झाल्या आणि चहा टाकायला गेल्या. ताई आधी खिडकीशी गेली, जरा वेळ उभी राहिली आणि मग म्हणाली, "आता मला ती काच दाखवा. इतके दिवस नुसतं नाव ऐकते आहे."

भाऊजी म्हणाले, "अगं, त्यात काय बघायचं आहे?" पण मी आणि ताईने मिळून कपाट सरकवलंही होतं.

काच होती. चांगली अखंड, स्वच्छ, मधोमध भेग आणि दोन्ही बाजूंना टोकं चिकटलेली. ताईच्या तोंडावर हसू पसरलं. तिने लहान मुलाच्या गालाला लावावं तसं काचेला बोट लावलं. मग तिचं बोट तिथेच थांबलं. काचेच्या किंचित वर भिंतीवर गोंदाचे दोन जुने डाग होते, खरवडलेले. काचेच्या खाली आणखी दोन. आणि खाली जमिनीच्या फटीत काहीतरी चमकत होतं. मी वाकून उचललं, काचेचा नखाएवढा तुकडा.

ताई वळली नाही. भिंतीकडे बघतच तिने विचारलं, "ही कितवी?"

भाऊजींना लोकांच्या तसबिरी सरळ करायची सवय होती, बायकोशी खोटं बोलायची नव्हती. "तिसरी," ते म्हणाले.

मग ते बोलायला लागले, एकेक शब्द ओढून काढावा तसे. "पहिली त्या धक्क्याच्या दिवशी गेली. म्हटलं, धक्क्याने काय, कुठलीही तुटेल. दुसरी परवा तुटली तेव्हा वाटलं, माझ्याच हाताने दाबली गेली असेल जास्त. लगेच ही लावली. ही राहिली असती कदाचित." शेवटचं वाक्य त्यांना स्वतःलाही पटत नव्हतं.

"राहिली असती," ताई म्हणाली. मग ती पुन्हा खिडकीशी गेली. खाली नदी होती, पूल होता, दुपारचं स्वच्छ ऊन होतं. मला वाटलं ती रडेल. ती रडली नाही. नर्सबाई ट्रे घेऊन दारात आल्या तशी ती वळली आणि जाऊन तिने त्यांच्या हातातला ट्रे काढून घेतला.

"बाई, हे घर आम्ही घेत नाही," ती म्हणाली. "आणि तुम्हीही आता इथे राहायचं नाही."

तिने त्यांना खुर्चीवर बसवलं आणि सगळं सांगितलं. काच कशासाठी होती, किती तुटल्या, मागच्या खोलीखाली काय आहे, मोठा धक्का आला तर काय होईल. काही गुळमुळीत केलं नाही. नर्सबाई ऐकत होत्या. एकदा त्यांनी मान वर करून त्या चार तसबिरींकडे पाहिलं.

"मग हे घर मी विकायचं कुणाला?" त्यांनी विचारलं.

"कुणालाच नाही," ताई म्हणाली.

नर्सबाई म्हणाल्या, "पेशंटच्या माणसांना असं तोंडावर सांगायचं काम मी इतकी वर्षं केलं. ऐकताना कसं वाटतं ते आज कळलं." आणि त्या उठल्या आणि पिशवी भरायला लागल्या. रुग्णालयात काढलेली वर्षं होती ती. एकदा कळल्यावर त्यांनी वेळ घालवला नाही. खडकाच्या बाजूला त्यांची एक मैत्रीण राहत होती, तिच्या दारापर्यंत आम्ही त्यांना पोचवलं. मी तिथूनच नकाशाबाईंना फोन केला. पुढे त्या इंजिनिअरना घेऊन आल्या, त्या ओळीतल्या सगळ्या घरांच्या भिंती बघितल्या आणि शेवटची काही घरं रिकामी करायला लावली. काही शेजाऱ्यांनी त्यावरून भाऊजींना शिव्याही घातल्या. नर्सबाईंची मुलगी येऊन त्यांना घेऊन गेली. पण हे सगळं नंतरचं.

त्या दिवशी मैत्रिणीच्या दारातून निघाल्यावर आम्ही तिघं उतार उतरत होतो. ताई पुढे, भाऊजी मागे, आणि मधे मी, दोघांचेही चेहरे बघायचा प्रयत्न करत. वळणावर ताई एकदम थांबली.

"दुसऱ्याच्या घरातला फोटो केसभर वाकडा असला तर तुम्हाला चहा गोड लागत नाही," ती म्हणाली. "आणि माझ्याशी रोज खोटं बोलत होता?"

"काच जागेवर होती," भाऊजी म्हणाले, आणि लगेच त्यांना स्वतःची लाज वाटली. "नाही. खोटंच बोलत होतो. लग्न झाल्यापासून तू पहिल्यांदा म्हणालीस, मला हे हवं. मला ते तुझ्या हातून काढून घेववेना गं. वाटायचं, पुढची काच राहील. एक तरी राहील."

"मला काय हवं होतं, तुम्हाला कळलंच नाही," ताई म्हणाली. "दिवसभर मी तळघरात बसून ऐकते, कोण गेलं, कोण वाचलं, कुणाचं माणूस कुठल्या वॉर्डात आहे. संध्याकाळी मला तुमच्याशेजारी बसायचं होतं. तुमच्याशेजारी. ते घर खाली गेलं असतं आणि दोघांपैकी एकच जण आत असता, तर? मागे राहिलेल्याने कुणाशेजारी बसायचं होतं?"

भाऊजी भर रस्त्यात उभे राहून रडले. तोंडावर हात न घेता, आवाज करून, जसं मी कुठल्याच मोठ्या माणसाला रडताना पाहिलं नव्हतं. ताईने पुढे होऊन त्यांचं कोपर धरलं आणि धरूनच राहिली. माझ्या तोंडाशी शंभर प्रश्न आले होते. पहिली काच तुटलेली दिसली तेव्हा त्यांना कसं वाटलं, ते तुकडे त्यांनी कुठे टाकले, रात्री झोप कशी लागायची. ते सगळे गिळून मी पुढे चालत राहिले, आणि बसथांबा येईपर्यंत एकदाही मागे वळून पाहिलं नाही.